मासिक पाळी आणि शौचाच्या सवयी

मासिक पाळीविषयी आपल्या राज्यात पूर्वीपेक्षा अधिक मोकळेपणाने बोलले जाऊ लागले आहे. शाळांतून आणि अंगणवाड्यांतून किशोरवयीन मुलींशी संवाद साधला जातो, पॅड उपलब्ध करून देण्याच्या योजना राबविल्या जातात, स्वच्छतेवर व्याख्याने होतात. हे सर्व स्वागतार्ह आहे. तथापि या प्रयत्नांत एक बाजू बव्हंशी दुर्लक्षित राहिली आहे. पाळीच्या चक्राबरोबर स्त्रीच्या शौचाच्या आणि लघवीच्या सवयींतही बदल होतात. पाळी येण्यापूर्वी काही दिवस पोट साफ होत नाही, गच्च झाल्यासारखे वाटते. पाळी सुरू होताच शौच पातळ होते व दिवसातून दोन-तीनदा जावे लागते. लघवीलाही वरचेवर जाण्याची भावना होते. बहुसंख्य स्त्रियांना हे अनुभवाने ठाऊक असते. परंतु त्याचे कारण त्यांना सहसा कोणी सांगत नाही, आणि ज्यांच्या हाती शाळेचे व गावाचे व्यवस्थापन असते त्यांच्यापर्यंत तर ही गोष्ट पोहोचतच नाही.

याचा परिणाम असा होतो की, ज्या दिवसांत मुलीला शौचालयाची गरज सर्वाधिक असते, नेमक्या त्याच दिवसांत ते मिळणे तिला सर्वांत कठीण जाते. शौचालयास कुलूप असते, पाणी नसते, वर्गातून उठण्याची परवानगी मागण्याचा संकोच असतो. मग ती पाणी पिणे सोडते, शौच रोखून धरते किंवा त्या दिवसांत शाळेलाच जात नाही. यास्तव या बदलांमागील शास्त्र समजून घेणे आणि त्यावरून शाळा, कार्यालय व ग्रामपंचायत यांची कर्तव्ये ठरविणे अगत्याचे आहे.

शरीराची रचना

स्त्रीच्या ओटीपोटात तीन अवयव एकमेकांस अगदी लागून असतात. पुढील बाजूस मूत्राशय, मध्ये गर्भाशय आणि मागील बाजूस गुदाशय, म्हणजे मोठ्या आतड्याचा शेवटचा भाग. या तिन्ही अवयवांच्या भिंतीत एका विशिष्ट प्रकारचे स्नायू असतात. हातापायांचे स्नायू आपण इच्छेनुसार हलवितो. हे स्नायू मात्र आपल्या इच्छेवर चालत नाहीत. रक्तातील अंतःस्रावांच्या व इतर रासायनिक द्रव्यांच्या संदेशानुसार ते आकुंचन पावतात किंवा सैल होतात. गर्भाशयासाठी निघालेला संदेश शेजारच्या आतड्यासही लागू पडू शकतो, ही गोष्ट ध्यानात घेतली की पुढील सर्व विवेचन सुलभ होते.

पाळीचे चक्र सामान्यतः २८ दिवसांचे मानले जाते. परंतु प्रौढ स्त्रीत ते २१ ते ३५ दिवसांचे असले तरी ते प्राकृत समजावे. पाळी सुरू झाल्यानंतरच्या पहिल्या एक-दोन वर्षांत मुलींचे चक्र अनियमित असते व याहून लांबही असू शकते. रक्तस्राव साधारणपणे दोन ते सात दिवस टिकतो. चक्राच्या पूर्वार्धात बीजकोशातून इस्ट्रोजेन हा अंतःस्राव अधिक प्रमाणात स्रवतो. चक्राच्या मध्याच्या सुमारास बीज बाहेर पडते आणि त्यानंतरच्या सुमारे चौदा दिवसांत प्रोजेस्टेरॉन या दुसऱ्या अंतःस्रावाचे प्रमाण वाढते. गर्भधारणा झाली नाही तर दोन्ही अंतःस्रावांचे प्रमाण झपाट्याने उतरते, गर्भाशयाचे अस्तर सुटू लागते आणि पाळी येते.

पाळीपूर्वीचे दिवस : पोट साफ न होणे

प्रोजेस्टेरॉनचे मुख्य कार्य गर्भाशयास शांत ठेवणे हे होय. त्याच्या प्रभावाने गर्भाशयाचा स्नायू सैल राहतो. आतड्यांचे स्नायूही त्यामुळे काहीसे मंदावत असावेत, असे मानले जाते. अन्न आतड्यातून सावकाश पुढे सरकले की त्यातील पाणी अधिक शोषले जाते, मळ कोरडा व घट्ट होतो आणि पोट फुगते. गर्भवती स्त्रियांत मलावरोधाची तक्रार नेहमी आढळते; प्रोजेस्टेरॉनचे वाढलेले प्रमाण हे तिच्या कारणांपैकी एक समजले जाते. पाळीच्या चक्रातील उत्तरार्धाबाबत मात्र संशोधकांचे निष्कर्ष एकसारखे नाहीत. काही पाहण्यांत आतड्याची गती मंदावलेली आढळली, तर काहींत फरक दिसला नाही. म्हणून प्रत्येक स्त्रीस हा त्रास होईलच असे समजू नये आणि ज्या स्त्रीला होतो तिची तक्रार काल्पनिकही मानू नये.

मलावरोध कशास म्हणावे हेही येथे स्पष्ट केले पाहिजे. दिवसातून तीनदा ते आठवड्यातून तीनदा शौचास होणे ही निरोगी माणसाची मर्यादा आहे. रोज सकाळी एकदा शौचास झालेच पाहिजे असा नियम निसर्गात नाही. आपली नेहमीची सवय कोणती आणि तिच्यात बदल कोणता झाला, हे पाहणे महत्त्वाचे.

पाळीचे पहिले दोन दिवस : पातळ शौच

पाळी सुरू होण्याच्या सुमारास चित्र पालटते. प्रोजेस्टेरॉन उतरल्यावर गर्भाशयाच्या अस्तरात प्रोस्टाग्लँडिन नावाची द्रव्ये मोठ्या प्रमाणात तयार होतात. ती गर्भाशयास आकुंचन पावण्यास भाग पाडतात आणि सुटलेले अस्तर बाहेर टाकले जाते. ओटीपोटातील कळा व कंबर भरून येणे यांमागे मुख्यतः हेच कारण असते.

या द्रव्यांच्या शोधाचा इतिहास बोधप्रद आहे. स्वीडनचे शास्त्रज्ञ उल्फ फॉन ऑयलर यांनी १९३५ च्या सुमारास पुरुषाच्या वीर्यात स्नायूंवर परिणाम करणारे एक द्रव्य असल्याचे दाखविले आणि ते प्रोस्टेट ग्रंथीतून येत असावे या समजुतीने त्यास प्रोस्टाग्लँडिन हे नाव दिले. पुढे ही द्रव्ये शरीराच्या बहुतेक सर्व भागांत तयार होतात असे आढळले. नाव मात्र तेच राहिले. १९५७ मध्ये ब्रिटनमधील पिकल्स या शास्त्रज्ञाने पाळीच्या स्रावातही स्नायू आकुंचित करणारे द्रव्य असते असे दाखवून दिले. १९७१ मध्ये जॉन व्हेन यांनी ॲस्पिरिनसारखी औषधे प्रोस्टाग्लँडिनची निर्मिती रोखतात हे सिद्ध केले, आणि १९८२ चे वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक व्हेन, बर्गस्ट्रॉम व सॅम्युअलसन यांना या विषयावरील कार्याबद्दल मिळाले. ‘पाळीत पोट दुखतेच, सहन करावे’ असे सांगून ज्या वेदनेची बोळवण केली जात असे, तिला निश्चित रासायनिक कारण आहे, हे अशा रीतीने प्रस्थापित झाले.

गर्भाशयात तयार झालेल्या प्रोस्टाग्लँडिनचा काही अंश शेजारच्या आतड्यांवर व रक्तावाटे इतरत्रही परिणाम करतो. आतड्याचे स्नायू जोराने आकुंचन पावतात, अन्न वेगाने पुढे ढकलले जाते, पाणी शोषून घेण्यास वेळ मिळत नाही आणि शौच पातळ व वारंवार होते. काही मुलींना मळमळते, उलटी होते, घाम येतो. याचा पडताळा प्रसूतिशास्त्रातही येतो. गर्भाशय आकुंचित करण्यासाठी प्रोस्टाग्लँडिन वर्गातील औषधे दिली असता जुलाब होणे हा त्यांचा परिचित दुष्परिणाम आहे. ज्या स्त्रियांच्या पाळीत वेदना अधिक असतात त्यांच्यात या द्रव्यांचे प्रमाणही अधिक असल्याचे आढळते. हा त्रास सामान्यतः पहिल्या एक-दोन दिवसांत अधिक असतो व पुढे ओसरतो.

हे किती जणींना होते, याचा काही अंदाज २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या कॅनडातील एका पाहणीवरून येतो. तीत १५६ निरोगी स्त्रियांना प्रश्न विचारले होते. त्यांपैकी ७३ टक्के स्त्रियांनी पाळीपूर्वी किंवा पाळीत पोटाची एक तरी तक्रार सांगितली. पोटदुखी निम्म्याहून अधिक जणींना होती आणि पाळीत पातळ शौचाची तक्रार सुमारे चौथ्या हिश्श्याच्या स्त्रियांनी सांगितली. ही संख्या लहान आहे व समाज वेगळा आहे, म्हणून हे आकडे आपल्याकडे जसेच्या तसे लागू करता येणार नाहीत. परंतु ही तक्रार अपवादात्मक नाही, एवढे त्यावरून निश्चित म्हणता येते.

लघवीतील बदल

चक्राच्या उत्तरार्धात अनेक स्त्रियांच्या शरीरात थोडे पाणी साठून राहते. पाय किंवा चेहरा किंचित सुजल्यासारखा वाटतो, बांगड्या घट्ट होतात. पाळी सुरू झाली की हे पाणी लघवीवाटे निघून जाऊ लागते व लघवीस वरचेवर जावे लागते. शिवाय गर्भाशय मूत्राशयास लागूनच असल्यामुळे कळा येत असताना मूत्राशय भरले नसतानाही लघवीची भावना होऊ शकते. हे बदल प्राकृत आहेत. मात्र लघवी करताना जळजळ होणे, थेंबथेंब होणे, लघवी गढूळ किंवा दुर्गंधीयुक्त असणे, थंडी वाजून ताप येणे ही लक्षणे पाळीची नसून मूत्रमार्गातील जंतुसंसर्गाची असतात, हा भेद प्रत्येक शिक्षिकेस माहीत असावा.

रोखून धरण्याचे परिणाम

स्त्रियांचा मूत्रमार्ग जेमतेम चार सेंटिमीटर लांबीचा असतो. जंतूंना मूत्राशयापर्यंत पोहोचण्यास फार अंतर कापावे लागत नाही, म्हणून स्त्रियांत मूत्रमार्गाचा जंतुसंसर्ग पुरुषांपेक्षा पुष्कळ अधिक आढळतो. पुरेसे पाणी पिऊन वेळच्या वेळी लघवी केली तर मूत्राशयातील जंतू वाहून जातात. पाणी कमी पिणे व लघवी तासन्‌तास रोखणे यांमुळे हे नैसर्गिक संरक्षण दुबळे होते.

शौच रोखण्याचेही तसेच आहे. शौचाची भावना वारंवार दाबून टाकली की गुदाशयाची संवेदना बोथट होते, मळ तेथेच साठून घट्ट होतो आणि पुढे कुंथावे लागते. त्यातून मूळव्याध व गुदद्वारास चीर पडणे हे विकार संभवतात. पाळीच्या पहिल्या दिवशी पातळ शौचाची निकड असताना मात्र ते रोखणे मुलीस मुळी शक्यच नसते. वर्गात अथवा वाटेत कपडे खराब होतील या भीतीने ती घरी राहते. शाळेच्या हजेरीपटावर तिची ‘गैरहजर’ अशी नोंद होते; कारणाचा रकाना कोराच राहतो.

पॅड किंवा कापडी घडी दर चार ते सहा तासांनी बदलणे इष्ट आहे. म्हणजे सकाळी दहाच्या सुमारास घरून निघालेल्या व सायंकाळी सहाला परतणाऱ्या मुलीस शाळेत निदान एकदा ती बदलावीच लागते. पातळ शौच होत असेल तर स्वच्छतेची गरज आणखी वाढते. शौचानंतर धुताना हात पुढून मागे न्यावा. मागून पुढे नेल्यास आतड्यातील जंतू मूत्रमार्गात व योनिमार्गात जातात. योनीच्या आतील भाग साबणाने किंवा औषधी द्रावणाने धुण्याची आवश्यकता नाही. हे सोपे नियम मुलींना आठवी-नववीपर्यंत न थांबता पाचवी-सहावीतच, म्हणजे पाळी येण्यापूर्वी सांगितले पाहिजेत.

आहार व औषधे

पाळीपूर्वी मलावरोध होणाऱ्या स्त्रियांनी त्या आठवड्यात पाणी, पालेभाज्या, मोड आलेल्या कडधान्यांची उसळ, ज्वारी-बाजरीची भाकरी, पेरू यांसारखी फळे यांचे प्रमाण वाढवावे व चालणे-फिरणे सुरू ठेवावे. कडधान्यांनी पोट फुगत असेल तर ती थोडी थोडी घ्यावीत. पातळ शौच होत असताना तिखट, तेलकट पदार्थ व कडक चहा कमी करावा. भात, ताक, मुगाची खिचडी असा हलका आहार घ्यावा. पाणी मात्र कमी करू नये. जुलाब अधिक झाल्यास एक लिटर स्वच्छ पाण्यात सहा चहाचे सपाट चमचे साखर व अर्धा चमचा मीठ घालून केलेले पेय, किंवा आरोग्य केंद्रात मिळणारी जलसंजीवनी घ्यावी. पाळीत ताक-दही किंवा आंबट खाल्ल्याने अपाय होतो, या समजुतीस वैद्यकीय आधार नाही.

दर महिन्यास एरंडेल किंवा जुलाबाची गोळी घेण्याची प्रथा काही घरांत आहे, ती सोडावी. त्याचप्रमाणे पाळीत पातळ शौच झाले म्हणून स्वतःच्या मनाने जंतुनाशक औषधे घेणे चुकीचे आहे, कारण येथे जंतूंचा संबंध नसतो. पोट शेकणे हा कळांवरील सोपा व उपयुक्त उपाय होय. वेदना तीव्र असल्यास मेफेनॅमिक ॲसिड किंवा आयबुप्रोफेन ही औषधे प्रोस्टाग्लँडिनची निर्मितीच कमी करतात. परंतु ती उपाशीपोटी घेऊ नयेत, आणि दमा, जठरव्रण किंवा मूत्रपिंडाचा विकार असणाऱ्यांनी ती डॉक्टरांना विचारल्याशिवाय मुळीच घेऊ नयेत.

लोहाच्या गोळ्यांविषयी येथे सांगणे आवश्यक आहे. २०१९ ते २०२१ या काळातील राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीनुसार महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयोगटातील निम्म्याहून अधिक स्त्रियांत रक्तक्षय आढळला. किशोरवयीन मुलामुलींना आठवड्यातून एकदा लोह व फॉलिक ॲसिडची निळी गोळी देण्याचा कार्यक्रम त्यासाठीच आहे. या गोळीने शौचाचा रंग काळसर होतो, काहींना मलावरोध होतो किंवा पोटात मळमळते. पाळीपूर्वीच्या मलावरोधात याची भर पडली की मुली गोळी गुपचूप टाकून देतात. काळा रंग निरुपद्रवी आहे, गोळी जेवणानंतर घ्यावी, पाणी अधिक प्यावे, एवढे शिक्षकांनी आधीच समजावून सांगितले तर पुष्कळ गोळ्या वाया जाणार नाहीत.

वैद्यकीय सल्ला केव्हा घ्यावा

प्राकृत बदल आणि रोग यांतील सीमा ओळखता आली पाहिजे. पुढील लक्षणे आढळल्यास स्त्रीने प्राथमिक आरोग्य केंद्रात अथवा रुग्णालयात तपासणी करून घ्यावी : शौचातून रक्त पडणे, दर पाळीत शौचाच्या वेळी असह्य वेदना होणे, पाळी संपल्यावरही जुलाब किंवा मलावरोध चालूच राहणे, झोपेतून उठवणारे जुलाब, कारण नसताना वजन घटणे, लोहाची गोळी चालू नसताना शौच डांबरासारखे काळे होणे, लघवीस जळजळ व ताप, आणि दर महिन्यास शाळा किंवा काम बुडावे इतकी वेदना.

शेवटच्या लक्षणाकडे विशेष लक्ष वेधावयाचे आहे. एन्डोमेट्रिऑसिस या विकारात गर्भाशयाच्या अस्तरासारखा पेशीसमूह गर्भाशयाबाहेर, कधी आतड्यावर किंवा मूत्राशयावर वाढतो. पाळीच्या काळात शौचास किंवा लघवीस जाताना होणारी तीव्र वेदना हे त्याचे एक लक्षण असते. हा विकार निदानाविना वर्षानुवर्षे राहतो, कारण ‘पाळीत असे व्हायचेच’ असे सांगून मुलीस गप्प केले जाते. आशा कार्यकर्ती, आरोग्य सेविका व शिक्षिका यांनी अशी तक्रार ऐकताच तिला पुढे पाठविले पाहिजे.

शाळेचा एक हिशेब

विषयाची व्यावहारिक बाजू पाहण्यासाठी एक उदाहरण घेऊ. समजा, एखाद्या माध्यमिक शाळेत पाळी सुरू झालेल्या ६० मुली आहेत. चक्र २८ दिवसांचे व पाळी पाच दिवसांची धरली तर कोणत्याही दिवशी त्यांपैकी सरासरी दहा-अकरा मुलींची पाळी चालू असते आणि चार मुली पहिल्या किंवा दुसऱ्या दिवसात असतात. शौचास जाणे, पॅड बदलणे व हातपाय धुणे यांसाठी प्रत्येकीस पाच मिनिटे धरली तरी दहा मुलींना पन्नास मिनिटे लागतील. मधली सुट्टी अर्ध्या तासाची असते. शौचालय एकच असेल तर या दहा मुलींचेच काम सुट्टीत पुरे होणार नाही. उरलेल्या पन्नास मुली तर हिशेबात घेतलेल्याच नाहीत. म्हणजे ‘सुट्टीतच जावे’ हा नियम अशा शाळेत अंकगणिताच्या दृष्टीनेही टिकत नाही.

बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा अधिकार देणाऱ्या २००९ च्या अधिनियमाच्या अनुसूचीत मुले व मुली यांच्यासाठी स्वतंत्र शौचालये आणि पिण्याचे सुरक्षित पाणी यांचा समावेश आहे. सर्वोच्च न्यायालयानेही ३ ऑक्टोबर २०१२ रोजी सर्व राज्यांना शाळांत पाणी व शौचालये यांची सोय सहा महिन्यांत पूर्ण करण्याचा आदेश दिला होता. परंतु शौचालय बांधलेले असणे आणि ते गरजेच्या क्षणी वापरता येणे यांत अंतर आहे. मुख्याध्यापकांनी पुढील गोष्टी दर आठवड्यास स्वतः पाहाव्यात : दाराला आतून कडी आहे काय, आत पाणी, बादली व तांब्या आहे काय, झाकणाची कचरापेटी, साबण व पुरेसा उजेड आहे काय, शाळेच्या वेळेत कुलूप उघडे असते काय, आणि सफाई कोण करते. ही सफाई मुलींकडून करून घेतली जाऊ नये.

वर्गातील व्यवस्थाही तितकीच महत्त्वाची आहे. ‘एकी’ला किंवा ‘दुई’ला जाण्यासाठी करंगळी अथवा दोन बोटे वर करण्याची पद्धत आपल्या प्राथमिक शाळांत जुनी आहे. लहान मुलास त्याचा संकोच वाटत नाही. तेरा-चौदा वर्षांच्या मुलीस, विशेषतः पुरुष शिक्षकासमोर, फार वाटतो. मुलीने कारण न सांगता उठून जावे व परत येऊन बसावे, तिला कोणीही प्रश्न विचारू नये, असा नियम शाळेने सर्व इयत्तांना लागू करावा. परीक्षेच्या तीन तासांतही शिक्षिका किंवा महिला कर्मचारी सोबत देऊन शौचालयास जाऊ द्यावे. मुलांनाही हे शास्त्र शिकवावे. ज्या गोष्टीचे कारण समजते तिची टिंगल करावीशी वाटत नाही.

ग्रामपंचायतीचे काम

शाळेच्या बाहेरील स्त्रियांचा प्रश्न याहून अवघड आहे. शेतमजूर स्त्री, बाजारात भाजी विकणारी स्त्री, तालुक्याच्या गावी कामासाठी आलेली स्त्री यांना दिवसभरात शौचालय मिळेलच याची खात्री नसते. ऊसतोडणीस जाणाऱ्या कुटुंबांच्या फडावरील झोपड्यांत पाणी व शौचालयाची अडचण मोठी असते. बीड जिल्ह्यात ऊसतोडणी करणाऱ्या स्त्रियांत गर्भाशय काढून टाकण्याच्या शस्त्रक्रिया मोठ्या प्रमाणावर झाल्याचे २०१९ मध्ये पुढे आले आणि शासनाने त्यासाठी समिती नेमली. या शस्त्रक्रियांची कारणे अनेक आहेत. तथापि पाळीच्या दिवसांत कामावर साधी सोयही मिळत नसेल तर पाळीच नको असे स्त्रीला वाटू लागते, हे विदारक सत्य त्यामागे आहेच.

गडचिरोली जिल्ह्यातील काही माडिया वस्त्यांत पाळीच्या काळात स्त्रिया गावाबाहेरील ‘कुर्मा घरा’त राहतात. जुन्या कुर्मा घरांत शौचालय नसते व पाणी दूर असते. पातळ शौच होत असलेल्या स्त्रीस रात्री अंधारात रानात जावे लागते. काही गावांत या झोपड्यांच्या जागी पाणी व शौचालयासह पक्की घरे बांधण्यात आली आहेत. प्रथा बदलण्यास काळ लागेल. परंतु तोपर्यंत स्त्रीचा जीव व आरोग्य सुरक्षित राहिले पाहिजे.

संत गाडगेबाबा ग्राम स्वच्छता अभियान राज्यात २०००-०१ पासून सुरू झाले व शौचालय हा गावाच्या प्रतिष्ठेचा विषय बनला. त्या परंपरेतील पुढचे पाऊल म्हणून ग्रामपंचायतींनी काही गोष्टी कराव्यात. आठवडी बाजार, एस. टी. थांबा व ग्रामपंचायत कार्यालय येथे स्त्रियांसाठी पाणी असलेले शौचालय ठेवावे व ते दिवसभर उघडे राहील अशी जबाबदारी एका व्यक्तीवर सोपवावी. शोषखड्ड्याच्या शौचालयात पॅड टाकल्यास नळी तुंबते आणि ते खड्ड्यात कुजत नाहीत. म्हणून कागदात गुंडाळून वेगळ्या पेटीत टाकण्याची व त्यांची नियमित विल्हेवाट लावण्याची व्यवस्था करावी. शाळेच्या शौचालयास नळजोडणी व सफाईची तरतूद आराखड्यात दाखवावी. गावात फडावरून आलेली किंवा फडावर जाणारी कुटुंबे असतील तर आशा कार्यकर्तीने जाण्यापूर्वी व आल्यावर त्या स्त्रियांची भेट घ्यावी.

राज्यातील पंचायत राज संस्थांत २०११ पासून निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव आहेत आणि ग्रामसभेपूर्वी महिला सभा घेण्याची तरतूद आहे. हा विषय प्रथम त्या महिला सभेत मांडणे सोयीचे होईल. तेथे आपापसांत मोकळेपणाने बोलता येते, नेमकी अडचण कोणत्या ठिकाणी आहे ते कळते, आणि मग ग्रामसभेत तो ‘शौचालय व पाणी’ या साध्या कामाचा विषय म्हणून येतो. पुरुष सदस्यांनी अशा वेळी हसू आवरणे किंवा मान खाली घालणे एवढ्यावर न थांबता ठरावास अनुमोदन द्यावे.

आपल्या राज्यात र. धों. कर्वे यांनी १९२७ पासून १९५३ पर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ मासिक चालवून शरीराविषयी शास्त्रीय दृष्टीने व निःसंकोचपणे लिहिण्याचा पायंडा पाडला. पाळीतील शौचाच्या सवयींसारखा विषयही त्याच दृष्टीने पाहावयास हवा. गर्भाशय, आतडे आणि मूत्राशय यांचे शेजारीपण निसर्गाने घडविले आहे. त्यामुळे होणारे बदल कोणत्याही उपदेशाने थांबणार नाहीत. ते ओळखून दाराला कडी, आत पाणी व जाण्याची मुभा एवढे देणे प्रत्येक शाळेस व प्रत्येक ग्रामपंचायतीस शक्य आहे. येत्या मासिक सभेपूर्वी मुख्याध्यापक, महिला सदस्य व ग्रामपंचायत अधिकारी यांनी मिळून गावातील मुलींची शौचालये एकदा उघडून पाहावीत, आणि जे उणे आढळेल ते त्याच सभेच्या विषयपत्रिकेवर घ्यावे.